गरम आहे तोवर

माणसाचा आवाज गेला की लोकांना त्याचे कानही गेल्यासारखे वाटतात. का, ते देव जाणे. माझ्या बायकोच्या घशाचं ऑपरेशन झालं, आतली आवाजाची पेटीच काढून टाकावी लागली, आणि ती घरी आली त्या दिवसापासून जो येतो तो तिच्या कानाशी तोंड नेऊन ओरडतो. खालच्या मजल्यावरची शिवणकामवाली तर जिन्यापासूनच सुरू होते, "कशा आहात वहिनीऽऽ?" अहो बाई, तिला ऐकू येतं! तुमच्या मशीनची खडखड वरपर्यंत ऐकू येते, आणि दुपारी तुम्ही नवऱ्याला जे काही सुनावता तेही आम्हा दोघांना शब्दन् शब्द ऐकू येतं. तिला फक्त बोलता येत नाही.

मी ड्रायव्हर, ती कंडक्टर. डेपो एकच, आणि निम्मी नोकरी एकाच बसवर झाली. घरातही आम्ही एकमेकांना त्याच नावाने हाक मारायचो. "ए ड्रायव्हर, दूध बघ, उतू जाईल," असं ती न्हाणीघरातून ओरडली की शेजारचेसुद्धा आपापलं दूध बघून यायचे. मागच्या बाकावर झोपेचं सोंग घेतलेला माणूस तिच्या एका हाकेत तिकीट काढून मोकळा व्हायचा. तो आवाज गेला. आता तिच्या गळ्याच्या खळग्यात एक भोक आहे. श्वास तिथूनच आत जातो, तिथूनच बाहेर येतो. त्यावर ती सुती कापडाचा एक मऊ तुकडा बांधते. श्वास नाकातून जात नाही, म्हणून तिला वासही येत नाही. डॉक्टरांनी हे सगळं समजावून सांगितलं होतं. आंघोळ करताना पाणी आत जाऊ देऊ नका, धुळीपासून जपा, कापड रोज बदला, आणि अशाच ढीगभर सूचना.

बोलायला म्हणून थोरलीने तिला पाटी आणून दिली. थोरली म्हणजे आमची मोठी मुलगी, एका शाळेची मुख्याध्यापिका. दुसऱ्याचं वाक्य आपण पुरं करायची तिला खोडच आहे. आई पाटीवर 'मला' एवढं लिहायची की ही लगेच, "पाणी हवंय? झोपायचंय? बाथरूमला जायचंय?" आई मान हलवायची आणि पुढे 'ख' काढायची. "खोकला येतोय! बाबा, औषध कुठंय?" तिला खिडकी उघडून हवी होती, बिचारीला. काही दिवस कंडक्टरने हे सोसलं आणि मग एका दुपारी पाटी उचलून कपाटामागे टाकून दिली. मी ती काढायला गेलो नाही. खरं सांगायचं तर मला बरंच वाटलं.

त्यानंतर आम्ही आमच्या जुन्या घंटीवर आलो. बसमध्ये तिच्या हातात दोरी असायची आणि माझ्या डोक्यावर घंटी. एक टोला म्हणजे थांब. दोन म्हणजे निघ. तीन म्हणजे गाडी भरली आहे, मधे कुठे थांबू नकोस. आता दोरीच्या जागी चमचा आणि घंटीच्या जागी स्टीलची ताटली. दार उघडू का, दोन टोले. दिवा घालवू का, एक टोला. तेवढ्यावर आमचं घर व्यवस्थित चालत होतं. एक जेवण सोडून.

ती जेवत नव्हती. केळं खायची, गार दूध प्यायची, त्यापलीकडे काही नाही. सूप म्हणा, मऊ भात म्हणा, दुधात शिजवलेल्या शेवया म्हणा, वाटी समोर ठेवली की ती नुसती बघत बसायची. चमचा फिरवायची आणि पुन्हा बघत बसायची. मी म्हणायचो, "गरम आहे तोवर खा गं." खालची बाई आली की म्हणायची, "गरम आहे तोवर खाऽऽ." आणि थोरली तिकडे फोनवरून उंटावरून शेळ्या हाकायची, "बाबा, गरमागरम देता ना? गार झालं तर ती तोंडसुद्धा लावणार नाही." मग वाटीतलं निवायला लागायचं, वर साय धरायची, आणि मी तत्परतेने वाटी उचलून गॅसकडे पळायचो. वाफाळती वाटी परत समोर आली की ती ताटलीवर एकच टोला हाणायची, तोही असा की ताटली नाचावी. थांब. म्हणजे नको, असं समजून मी वाटी उचलून ओट्यावर ठेवून द्यायचो. आणखी काय समजायचं माणसाने?

तपासणीला नेलं तेव्हा वजन आणखी उतरलं होतं. डॉक्टर म्हणाले, असंच चाललं तर पुन्हा नाकातून नळी घालावी लागेल. नळीचं नाव काढताच कंडक्टरने माझा हात इतका घट्ट धरला की माझी बोटं कळवळली. ऑपरेशननंतर ती नळी तिने सोसली होती, आणि ती निघाली त्या दिवशी रडली होती. इतक्या वर्षांत मी तिला फारसं रडताना पाहिलेलं नाही.

त्या संध्याकाळी थोरलीचा फोन आला. तिने मला स्पीकर लावायला सांगितलं आणि निकाल वाचून दाखवला.

"बाबा, रविवारी मी येतेय. आईला मी माझ्याकडे नेते. तुमच्याच्याने होत नाहीये हे."

"काय होत नाहीये?"

"तिचं खाणं! वजन बघा. तुम्हाला चहापलीकडे काही करता येतं का? मी बाई ठेवते तिच्यासाठी, मी स्वतः उभी राहून भरवते. रविवारपर्यंत ती नीट जेवायला लागली तर गोष्ट वेगळी, पण ते काही व्हायचं नाही."

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. साठ-साठ माणसं पाठीशी घेऊन मी घाट उतरलोय, तेव्हा कुणी म्हणालं नाही की ड्रायव्हर, तुझ्याच्याने होत नाही. आणि आता एक वाटी सूप मला झेपणार नाही? पण त्याहून जास्त राग मला दुसऱ्याच गोष्टीचा आला. फोन स्पीकरवर होता. आई शेजारीच बसलेली होती, धडधडीत. 'आई, येशील का?' असे तीन शब्द हिच्या तोंडातून निघाले नाहीत. खुर्ची कुठे हलवायची ते ठरवावं तसं चाललं होतं.

"आईला नेता येणार नाही," मी म्हटलं. "ती इथेच राहणार." आणि फोन ठेवून दिला.

दुसऱ्या दिवशी बाजारातून आलो तर कंडक्टरने माझी पिशवी ओढून घेतली, आत हात घालून एक मक्याचं कणीस काढलं आणि माझ्यासमोर टेबलावर ठेवलं. मग एक बटाटा काढून त्याच्या शेजारी ठेवला. मग माझ्याकडे पाहिलं. मला लगेच कळलं. ते सूप ती आम्ही नोकरीत असताना करायची, पहाटेच्या पाळीला थर्मासमधून न्यायची, आणि डेपोतल्या विश्रांतीखोलीत आम्ही ते पावाबरोबर खायचो. दाटसर, चमचा उभा राहील असं. पोटात गेलं की सगळं जग जरा बरं वाटायचं.

"करू?" मी विचारलं. दोन टोले.

रविवारी सकाळी मी कणसं सोलायला बसलो. ती ओट्यासमोर खुर्ची टाकून बसली, मांडीवर ताटली, हातात चमचा. कणीस उभं धरून सुरीने दाणे उतरवायचे असतात, हे मला आठवत होतं. पहिल्या कणसाचे दाणे अर्धे परातीत पडले आणि अर्धे घरभर. ठण्. मी थांबलो. ती उठली, कणीस परातीच्या मधोमध आडवं ठेवून दाखवलं, आणि परत जाऊन बसली. दाणे संपल्यावर मी ती रिकामी दांडकी कचऱ्यात टाकायला निघालो. ठण्! कपाळावर आठ्या घालून तिने पातेल्याकडे बोट केलं. खरंच की. ती दांडकी पाण्यात उकळायची, सगळी गोडी त्यातच असते. मग सुरीची उलटी बाजू त्यांच्यावरून ओढून राहिलेला दुधासारखा रसही काढायचा. नेहमी जेवायला मी असायचो आणि करायला ती. मला कुठलं ठाऊक असणार?

कांदा लोण्यात परतताना मी गॅस मोठा केला. ठण्. बारीक केला. ठण् ठण्. वर चमचाभर मैदा, मग दांडक्यांचं गाळलेलं पाणी, मग बटाट्याच्या फोडी. फोडी माझ्या, त्यामुळे एक सुपारीएवढी तर एक लिंबाएवढी. तिने त्या पाहिल्या आणि डोळे मिटून घेतले, घंटी वाजवायचेही कष्ट घेतले नाहीत. अर्धे दाणे मिक्सरमधून काढले, अर्धे अख्खेच टाकले. बटाटे शिजल्यावर थोडे पातेल्याच्या कडेला दाबून मोडले, त्याने सूप दाट होतं. सगळ्यात शेवटी दूध घातलं आणि उकळी येऊ द्यायची नाही म्हणून मी डोळ्यांत तेल घालून उभा राहिलो. मीठ, मिरपूड. तिला वास येत नव्हता, म्हणून मीच पातेल्यावर वाकलो आणि म्हणालो, "डेपोसारखा येतोय वास." ती हसली. आवाज नव्हता, पण खांदे हलले.

तेवढ्यात थोरली आली. हातात रिकामी सूटकेस.

"आईऽऽ! बरं वाटतंय नाऽऽ?" मुख्याध्यापिका असून हीसुद्धा ओरडतेच. मग माझ्याकडे वळून, एकदम खालच्या पट्टीत, "बाबा, तुम्ही स्वयंपाक करताय? आणि तिला इथे धुरात बसवलंय?"

"धूर नाहीये, वाफ आहे. आणि तिनेच सांगितलं करायला."

"तिने सांगितलं!" ती म्हणाली आणि सूटकेस घेऊन आतल्या खोलीत गेली. कपाटाचं दार वाजलं. कपडे निघायला लागले.

मी वाटी भरून कंडक्टरच्या पुढे ठेवली. तिने वाटीकडे पाहिलं. चमच्याने ढवळलं. एक दाणा वर आला, एक बटाट्याची फोड बुडाली. आणि ती बसून राहिली.

"खा ना," मी म्हटलं. "गरम आहे तोवर खा."

तिने चमचा पुन्हा नुसता फिरवला. थोरली दारात येऊन उभी राहिली, हातात आईची शाल. 'बघा, मी म्हटलं नव्हतं?' असं तिच्या चेहऱ्यावर लिहिलेलं होतं. मला भडकायला तेवढं पुरलं.

"बघतेस काय? खाईल ती! जरा धीर धर!"

"मी कुठे काय म्हणतेय? गार होतंय ते, द्या इकडे," म्हणून तिने वाटी उचलली, गॅसवर धरून चांगली चटके बसेपर्यंत तापवली आणि परत आणून ठेवली. "आईऽऽ, दोन चमचे तरी घे. माझ्यासाठी."

कंडक्टरने वाटीवर हात आडवा धरला. थोरलीने माझ्याकडे पाहिलं.

"नको म्हणतेय. बघितलंत? तुम्ही एवढं करून नको म्हणतेय. ती इथे खाणार नाही, बाबा. तिला हवापालट पाहिजे, माणसं पाहिजेत."

"मी माणूस नाही?"

"तसं म्हणाले का मी?"

"तिला इथेच राहायचंय!"

"असं तिने तुम्हाला सांगितलं?"

"मला माहीत आहे ते!"

"मलाही माहीत आहे, तिला माझ्याकडे यायचंय!"

झालं. आम्ही दोघं ओट्याच्या दोन बाजूंना उभं राहून भांडत होतो, शिवणकामवालीची मशीन खाली थांबली होती, म्हणजे ती ऐकत होती. मी म्हणालो, तुला आईची एवढी काळजी होती तर ऑपरेशननंतर शाळेची सहल सोडून का नाही आलीस. ती म्हणाली, तुम्ही आयुष्यभर आयत्या ताटावर बसलात आणि आता मला शिकवता. बोलता बोलता तिने पुन्हा ती वाटी उचलली आणि पुन्हा गॅस पेटवला, कारण सूप पुन्हा निवलं होतं.

ताटली जमिनीवर आदळली. टोलाबिला नाही, अख्खी ताटलीच फेकलेली. ती गोल गोल फिरत ओट्याखाली जाऊन पडेपर्यंत आम्ही दोघं गप्प झालो होतो.

कंडक्टर उठली. तिचा चेहरा लालबुंद झाला होता. फुकट्या प्रवाशाला भर रस्त्यात खाली उतरवताना ती अशीच दिसायची. ती आली, तिने गॅस बंद केला, थोरलीच्या हातातून वाटी काढून घेतली, फडक्याने नीट धरली आणि आमच्या दोघांच्या मधे उभी राहिली. आम्ही बघतोय ना, याची तिने खात्री करून घेतली. मग वाटी तोंडाजवळ नेली, छाती भरून श्वास घेतला, ओठांचा चंबू केला आणि सगळा जोर लावून फुंकर मारली.

वाटीवरची वाफ सरळ वर जात राहिली. ती जराही हलली नाही. गळ्यावरचं कापड मात्र फडफडलं.

तिने पुन्हा फुंकलं. पुन्हा कापड फडफडलं, त्याची गाठ सुटायला आली. वाफ आपली सरळच्या सरळ.

थोरलीच्या तोंडून "आई गं" एवढंच निघालं, तेही हळू.

गार दूध. केळं. आणि बाकी प्रत्येक वाटी तिला हवी तेवढी निवली, की कुणीतरी मायेने उचलून ती पुन्हा चटके बसेल अशी करून आणून ठेवायचं. आम्ही आळीपाळीने तिच्या तोंडचा घास तापवायला पळवत होतो आणि वर तिलाच म्हणत होतो, खात का नाहीस. मला असा संताप आला की तो कुणावर काढावा ते कळेना. डॉक्टरवर, ज्याने आंघोळीचं सांगितलं, धुळीचं सांगितलं आणि हे सांगितलं नाही. थोरलीवर. खालच्या बाईवर. आणि सगळ्यात जास्त माझ्यावर, कारण मी रोज तिच्या समोर बसून माझ्या चहावर फुंकर मारत होतो.

थोरलीने घाईघाईने चमचा घेतला, सूप भरलं, फू फू करून निववलं आणि आईच्या तोंडाशी नेलं. कंडक्टरने चमचा तिच्या हातातून काढून घेतला. शांतपणे, पण काढून घेतला. तिला भरवून नको होतं. तिने वाटी खिडकीच्या कट्ट्यावर ठेवली, खुर्ची ओढून तिच्या पुढ्यात बसली आणि आमच्याकडे पाठ केली. वाटीला हात लावायची आमची आता हिंमत नव्हती.

आम्ही दोघं उभे राहिलो, शाळेत अंगठे धरायला लावलेल्या पोरांसारखे. सुपावर साय आली. माझे हात सवयीने शिवशिवले, मी ते पाठीमागे बांधले. मग तिने सायीखाली चमचा घातला आणि खायला सुरुवात केली. सावकाश, पण चमच्यामागून चमचा. बटाट्याची ती लिंबाएवढी फोड आली तेव्हा ती चमच्यावर घेऊन तिने मला दाखवली, मग मोडून खाल्ली. वाटी निपटून झाल्यावर उठली, पातेल्यातून दुसरी भरून घेतली आणि कट्ट्यावर नेऊन ठेवली.

थोरली तिच्या खुर्चीशी खाली जमिनीवर बसली. किती वर्षांनी मी तिला तशी बसलेली पाहत होतो.

"आई," ती म्हणाली. साध्या आवाजात, जसं माणूस माणसाशी बोलतं तसं. "तू माझ्याकडे येतेस? का इथे राहतेस?"

आणि गप्प बसली. पुढे एक शब्द नाही. माझ्याही तोंडावर उत्तर आलं होतं, मी ते गिळलं.

कंडक्टरने घाई केली नाही. दुसरी वाटी निवली, तिने ती खाल्ली, तोंड पुसलं. मग आत गेली आणि सूटकेसमधले कपडे काढून तिने थोरलीच्या हातांवर एकावर एक रचले. कपाटाकडे बोट केलं. थोरली कपडे लावता लावता रडायला लागली. "मला वाटलं, तू जगायचंच सोडलंस," ती म्हणाली. "मला वाटलं, आता ही जाणार. म्हणून मी..." तिचं ते वाक्य कुणी पुरं केलं नाही.

आईने तिला हाताला धरून टेबलाशी आणलं, पातेलं गरम केलं आणि वाटी भरून तिच्यापुढे ठेवली. थोरली सकाळपासून उपाशी होती. तिने चमचा भरला, तोंडाजवळ नेला, ओठांचा चंबू केला आणि तशीच थांबली. आईकडे पाहिलं. चमचा खाली ठेवला.

"निवू दे," ती म्हणाली. "मीपण थांबते."

कंडक्टरने नकार म्हणून मान हलवली. चमचा उचलून पुन्हा तिच्या हातात दिला, तिच्या गालाला बोट लावलं आणि वाफेकडे दाखवलं. थोरलीने फुंकर मारली. वाफ बाजूला झुकली, आणि तिची आई ती झुकलेली वाफ बघत राहिली.